कात्रीने केलेली जादू: जॉर्ज मेलिएसचा सिनेमा समजून घेताना

मोबाईल एखाद्या जड डब्याला टेकवून टेबलावर उभा करा. समोर स्टीलचा पेला ठेवा. व्हिडिओ सुरू करा, पाच सेकंदांनी ‘पॉज’ दाबा, मोबाईलला धक्का न लावता पेला उचला, त्याच जागी लिंबू ठेवा आणि व्हिडिओ पुन्हा सुरू करा. आता पाहा, पेल्याचं लिंबू झालेलं दिसेल. माझ्या भाचीला हे करून दाखवलं तेव्हा ती क्षणभर गप्प झाली आणि मग घरातली एकेक वस्तू आणून त्या टेबलावर बदलायला लागली. तिला पुढे अडचण आली ती पेला आणि लिंबू यांच्या मधल्या त्या बारीकशा हिसक्याची. तो कसा घालवायचा, हे तिला काही केल्या जमेना.

सव्वाशे वर्षांपूर्वी पॅरिसमध्ये एक जादूगार याच हिसक्याशी झगडत होता. त्याचं नाव जॉर्ज मेलिएस. चंद्राच्या चेहऱ्यात, थेट उजव्या डोळ्यात, रॉकेट घुसल्याचं ते प्रसिद्ध चित्र तुम्ही नक्की कुठेतरी पाहिलं असेल, ते त्याच्याच चित्रपटातलं. 1896 ते 1913 या काळात त्याने पाचशेहून जास्त चित्रपट केले. त्यांतले बरेच एक-दोन मिनिटांचे होते. लेखक तोच, नेपथ्यकार तोच, दिग्दर्शक तोच, निर्माता तोच आणि बहुतेक वेळा मुख्य नटही तोच.

मेलिएसबद्दल दोन गोष्टी हमखास सांगितल्या जातात. एक म्हणजे त्याला सिनेमातली जादू एका अपघाताने सापडली. दुसरी म्हणजे जग त्याला विसरलं आणि तो रस्त्यावर आला. दोन्हींत तथ्य आहे, पण दोन्ही अर्धवट आहेत. पहिल्या गोष्टीत त्याची मेहनत झाकली जाते आणि दुसरीत पैशाचा हिशेब. या लेखात मला मुख्यतः त्या दोन झाकलेल्या गोष्टी उलगडायच्या आहेत.

बुटांच्या कारखान्यातून रंगमंचावर

मेलिएसचा जन्म 8 डिसेंबर 1861 चा, पॅरिसमधला. वडिलांचा उंची बुटांचा भरभराटीचा कारखाना होता. पोराला चित्रकलेचं वेड, पण वडिलांनी त्याला साफ नकार दिला. 1884 मध्ये त्याला लंडनला पाठवलं. तिथल्या ‘इजिप्शियन हॉल’मध्ये मॅस्किलिनचे जादूचे प्रयोग चालायचे. मेलिएस ते बघायला जायला लागला आणि त्या नादातून पुढे कधीच सुटला नाही.

परत आल्यावर घरच्या कारखान्यात त्याच्याकडे यंत्रांची देखरेख आली. चरित्रांमध्ये ही बाब एका ओळीत उरकलेली असते, पण मला ती फार महत्त्वाची वाटते. बिघडलेलं यंत्र खोलायचं, त्यातलं काय कशामुळे फिरतं ते समजून घ्यायचं आणि ते पुन्हा जोडायचं, हा हात त्याला तिथे बसला. पुढे त्याच्या सगळ्या जादूला हाच हात कामाला आला.

1888 मध्ये वडील धंद्यातून निवृत्त झाले. मेलिएसने आपला वाटा भावांना विकला आणि त्या पैशातून पॅरिसमधलं ‘तेआत्र रोबेर-उदँ’ विकत घेतलं. हे नाट्यगृह छोटंसंच होतं, पण नाव मोठं होतं. ज्यांना आधुनिक जादूचे जनक म्हणतात, त्या रोबेर-उदँ यांनी ते उभारलेलं. चोरदरवाजे, तारा, कळसूत्री यंत्रं सगळं आत तयार होतं. मेलिएसने तिथे तीसेक नवे प्रयोग बसवले. याच सुमारास तो एका व्यंग्यपत्रात राजकीय व्यंगचित्रंही काढत होता. त्यासाठी त्याने स्वतःच्याच आडनावातली अक्षरं उलटसुलट करून ‘जिओ स्माइल’ असं टोपणनाव घेतलं होतं.

इथे मराठी वाचकाला दादासाहेब फाळके आठवल्याशिवाय राहणार नाहीत. फाळकेही जादूचे प्रयोग करत आणि आपलं आडनाव उलटं फिरवून ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने करत. दोघांची भेट कधी झाली नाही, पण दोघांच्या बोटांना सवय एकाच विद्येची होती.

घोडा चालायला लागला

28 डिसेंबर 1895. पॅरिसच्या ‘ग्राँ कॅफे’च्या तळघरात ल्युमिएर बंधूंचा सिनेमॅटोग्राफ, म्हणजे हलती चित्रं पडद्यावर दाखवणारं यंत्र, लोकांसमोर आला. पाहुण्यांमध्ये मेलिएस होता. त्याने नंतर सांगितलेली आठवण अशी: पडद्यावर आधी एक स्थिर फोटो आला. मेलिएसला वाटलं, हे तर मी माझ्या थिएटरात मॅजिक लँटर्नवर (काचेवरची चित्रं दिव्याने पडद्यावर टाकणाऱ्या यंत्रावर) वर्षानुवर्षं दाखवतोय, एवढ्यासाठी बोलावलं होय! तेवढ्यात फोटोतला घोडा गाडी ओढत चालायला लागला.

खेळ संपल्यावर त्याने लगेच यंत्र विकत मागितलं, दहा हजार फ्रँक देऊ केले. ल्युमिएरांनी नकार दिला. यंत्र त्यांना स्वतःच जगभर फिरवायचं होतं. तेच यंत्र सहा महिन्यांत मुंबईत पोचलं. 7 जुलै 1896 रोजी काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलमध्ये त्याचा पहिला खेळ झाला.

मेलिएस मात्र अडून बसला नाही. लंडनमध्ये रॉबर्ट पॉल नावाचा माणूस असंच यंत्र बनवत होता. मेलिएसने त्याच्याकडून प्रोजेक्टर आणला, तो खोलला आणि त्याचाच उलटा उपयोग करून कॅमेरा बनवला. चित्र दाखवणारं यंत्र आणि चित्र टिपणारं यंत्र यांचा गाभा तेव्हा एकच होता: भोकं पाडलेली पट्टी एकेक घर पुढे सरकवायची, क्षणभर थांबवायची आणि तेवढ्यात प्रकाश आत किंवा बाहेर सोडायचा. त्याचा कॅमेरा इतका खडखडाट करायचा, की त्याला तो ‘कॉफी दळायचं यंत्र’ म्हणायचा.

अपघात आणि कात्री

आता ती प्रसिद्ध गोष्ट. पॅरिसच्या ऑपेरा चौकात मेलिएस रहदारीचं चित्रण करत होता. मध्येच फिल्म अडकली. ती सोडवायला मिनिटभर गेलं, मग त्याने पुन्हा हँडल फिरवायला सुरुवात केली. पट्टी पडद्यावर पाहिली, तर प्रवाशांनी भरलेल्या घोड्यांच्या बसची अचानक शववाहिका झाली होती आणि पुरुषांच्या बायका! कॅमेरा थांबला होता, पण रस्ता थांबला नव्हता, एवढंच त्यामागचं कारण. ही हकीकत मेलिएसने स्वतःच 1907 मध्ये लिहिली आहे.

घडलीही असेल. पण तिच्यावरच सगळं श्रेय टाकायला मी तयार नाही. कॅमेरा थांबवून माणसाच्या जागी बाहुली ठेवायची युक्ती 1895 मध्येच अमेरिकेत एडिसनच्या कंपनीने एका राणीच्या शिरच्छेदाच्या दृश्यात वापरली होती. शिवाय ज्या माणसाने आयुष्याची आठ वर्षं ‘वस्तू डोळ्यांदेखत कशी बदलायची’ याच विचारात घालवली, त्याला अडकलेल्या फिल्मने फार तर आठवण करून दिली असेल.

मेलिएसने पुढे काय केलं, ते 1896 च्या एका छोट्या चित्रपटात दिसतं. रंगमंचावर तेव्हा एक प्रयोग गाजत होता: बाई खुर्चीवर बसते, जादूगार तिच्यावर कापड टाकतो, कापड ओढतो आणि बाई नाहीशी. रंगमंचावर यामागे चोरदरवाजा असायचा. तो नाही असं भासवायला जादूगार आधी जमिनीवर वर्तमानपत्र पसरून दाखवायचा. मेलिएसच्या चित्रपटातही तो वर्तमानपत्र पसरतो, त्यावर खुर्ची ठेवतो आणि झान दाल्सी नावाच्या नटीला बसवतो. कापड टाकतो, ओढतो, बाई गेलेली! आता गंमत बघा. कॅमेऱ्यासमोर त्या वर्तमानपत्राची काही गरजच नव्हती, कारण चोरदरवाजा वापरलाच नव्हता. तरी त्याने ते ठेवलं, कारण प्रेक्षकाचा संशय कुठे जाणार हे त्याला ठाऊक होतं. बाईला परत आणायला तो हवेत हात फिरवतो, तर आधी खुर्चीत हाडांचा सांगाडा येतो. रंगमंचावर हे करणं जवळजवळ अशक्य. जुन्या जादूची हद्द संपून नवी कुठे सुरू झाली, ते त्या सांगाड्यापाशी दिसतं.

आता भाचीच्या हिसक्याकडे येऊ. तेव्हाचा कॅमेरा हाताने फिरवायचा. हात थांबताना एकदम थांबत नाही, हळू होत थांबतो. सुरू करतानाही तेच. फिल्म हळू सरकली की प्रत्येक चौकटीवर प्रकाश जास्त वेळ पडतो आणि त्या चौकटी पांढुरक्या येतात. म्हणजे नुसता कॅमेरा थांबवून पुन्हा सुरू केला, तर बदलाच्या नेमक्या जागी पडद्यावर भपका दिसणार आणि जादू उघडी पडणार.

यावर उपाय म्हणजे कात्री. मेलिएसच्या वाचलेल्या पट्ट्या अभ्यासकांनी हातात घेऊन तपासल्या, तेव्हा जिथे जिथे माणूस गायब होतो किंवा बदलतो, तिथे तिथे फिल्म कापून चिकटवलेली आढळली. पांढुरक्या चौकटी काढून टाकायच्या. आधीच्या भागात हात जिथे पोचला होता, बरोबर तिथूनच पुढचा भाग सुरू होईल अशी चौकट शोधायची. दोन तुकडे जुळवून चिकटवायचे. एका सेकंदाला साधारण सोळा चौकटी, आणि एका चौकटीचीही चूक डोळ्याला जाणवते. त्याच्या एखाद्या चित्रपटात माणूस उडी मारून हवेत असतानाच त्याची दुसरीच वस्तू होते आणि तीच वस्तू जमिनीवर पडते. हालचाल तुटलेली दिसत नाही, कारण ती टेबलावर बसून शिवलेली असते. मेलिएसच्या जादूचा मोठा भाग असा शिंप्याच्या कामासारखा होता, हे मला त्या ऑपेरा चौकातल्या अपघातापेक्षा कितीतरी सुंदर वाटतं.

फाळके यांनी 1912 च्या सुमारास कुंडीत वाटाण्याचं रोप लावलं आणि दिवसांमागून दिवस एकेक चौकट टिपत त्या रोपाची वाढ पडद्यावर मिनिटभरात दाखवली, ती ‘अंकुराची वाढ’. कॅमेरा थांबलेला असताना जग पुढे जातं, हेच सूत्र. मेलिएसने त्यातून सांगाडा उभा केला, फाळक्यांनी रोप वाढवलं.

सात मेलिएस एकाच खुर्च्यांच्या रांगेत

दुसरी युक्ती समजायला थोडी अवघड आहे, पण एकदा कळली की त्या माणसापुढे हात जोडावेसे वाटतात.

फिल्म म्हणजे प्रकाशाला भिणारी पट्टी. जिथे प्रकाश पडतो तिथे ती बदलते, अंधार पडतो तिथे कोरी राहते. म्हणून मागे काळाकुट्ट पडदा लावला, तर कॅमेऱ्याच्या दृष्टीने ती कोरी पाटी झाली. डावीकडे माणूस उभा केला, चित्रण केलं, तर फिल्मवर फक्त डावीकडचा भाग उमटतो. मग अंधारात फिल्म उलटी गुंडाळायची, पुन्हा पहिल्यापासून चालवायची आणि आता तोच माणूस उजवीकडे उभा करायचा. पडद्यावर दोन माणसं दिसतात.

1900 च्या एका चित्रपटात मेलिएसने हे सात वेळा केलं. सात खुर्च्या, सात वादक, सगळे मेलिएस! फिल्म सात वेळा त्याच कॅमेऱ्यातून गेली. प्रत्येक खेपेला त्याला लक्षात ठेवायचं होतं, की मघाचा मी आत्ता या क्षणी कुठे बघत होतो, मान कधी वळवली, वाद्य कधी उचललं. सातव्या खेपेला चूक झाली तर आधीच्या सहा खेपा वाया. बिघडलेला भाग दुरुस्त करायची काहीही सोय नव्हती. आज संगणकावर एक बटण दाबून मागे जाता येतं, त्यामुळे ही जोखीम आपल्याला पटकन जाणवत नाही.

1901 मध्ये त्याने स्वतःचंच डोकं टेबलावर ठेवून भात्याने फुग्यासारखं फुगवलं. डोकं वाढत वाढत जातं, मग मदतनीस जास्तच हवा भरतो आणि डोकं फुटतं. प्रत्यक्षात काय केलं? अंगाला काळं कापड गुंडाळून मेलिएस एका सरकत्या खुर्चीत बसला आणि उतारावरून ती खुर्ची कॅमेऱ्याच्या जवळ ओढली गेली. वस्तू जवळ आली की मोठी दिसते, इतकं साधं. पण मागे काळा पडदा असल्यामुळे जवळ येणं कळतच नाही, फक्त वाढणं कळतं. कॅमेरा जागचा हलला नाही. मेलिएसचा कॅमेरा जवळजवळ कायम असाच खिळलेला असायचा, पहिल्या रांगेत मधोमध बसलेल्या प्रेक्षकासारखा.

हे सगळं करायला 1897 मध्ये त्याने पॅरिसलगतच्या मोंत्रयमध्ये, घरच्या बागेत स्टुडिओ बांधला. छप्पर काचेचं, भिंती काचेच्या, कारण चित्रणाला लागणारा उजेड सूर्याकडूनच घ्यायचा. आत गेलात तर सगळं करड्या रंगाचं दिसलं असतं: महाल करडा, राक्षस करडा, फुलं करडी. त्या काळच्या फिल्मला लाल रंग दिसत नसे, तो काळा उमटायचा, आणि निळा पांढरट. खऱ्या रंगांवर भरवसा ठेवला तर पडद्यावर भलतंच यायचं. म्हणून नेपथ्य रंगवतानाच काळ्या-पांढऱ्यातल्या छटांनी रंगवायचं. ज्या पोराला वडिलांनी चित्रकार होऊ दिलं नाही, त्याने पुढे हजारो चौरस फूट पडदे स्वतः रंगवले, पण सगळे करडे.

रंग आला तो नंतर, तयार फिल्मवर. एलिझाबेथ त्युइलिए यांच्या पॅरिसमधल्या कारखान्यात दोनशेहून जास्त बायका काम करत. प्रत्येकीकडे एक रंग. बारीक कुंचल्याने, चौकटीमागून चौकट, टपाल तिकिटापेक्षा फार मोठ्या नसलेल्या चित्रात झेंडा पिवळा करायचा, अंगरखा लाल करायचा. प्रत्येक प्रत वेगळी रंगवायची. चंद्रावरच्या स्वारीच्या त्या चित्रपटाची अशी एक रंगीत प्रत 1993 मध्ये बार्सिलोनातल्या संग्रहालयाच्या हाती लागली. फिल्मचे वेढे एकमेकांना चिकटून तिचा जवळजवळ दगड झाला होता. ते हळूहळू सोडवून, संगणकाच्या मदतीने जोडून, 2011 मध्ये कान महोत्सवात ती पुन्हा रंगीत दाखवली गेली. त्या अनाम बायकांचे कुंचले तेव्हा शंभर वर्षांनी लोकांनी पाहिले.

चंद्र कोणी लुटला

‘चंद्राची सफर’ 1902 चा. चौदा मिनिटांच्या आसपास. तेव्हाच्या मानाने हा प्रचंड मोठा चित्रपट, खर्च साधारण दहा हजार फ्रँक. चंद्रवासी म्हणून कसरतपटू आणले, तोफेत यान ढकलायला नर्तिका आणल्या. लोकांनी तो डोक्यावर घेतला.

आणि चोरांनीही. अमेरिकेत मेलिएसचा माणूस नव्हता. तिथल्या कंपन्यांनी त्याची प्रत मिळवली, तिच्या नकला छापल्या आणि राजरोस विकल्या. त्यांत एडिसनची कंपनीही होती. अमेरिकेत तो चित्रपट जितका गाजला, त्यातला फारच थोडा पैसा मोंत्रयला पोचला. 1903 मध्ये मेलिएसने भाऊ गास्तोंला न्यूयॉर्कला पाठवून आपल्या ‘स्टार फिल्म’ कंपनीची शाखा उघडली. तेव्हापासून तो दोन निगेटिव्ह काढायला लागला, एक युरोपसाठी, एक अमेरिकेसाठी. त्यासाठी दोन भिंगं शेजारी शेजारी लावून एकाच वेळी चित्रण व्हायचं. आपल्या दोन डोळ्यांमध्ये असतं तसंच हे अंतर. त्यामुळे आपल्या काळात काही पट्ट्यांच्या या दोन आवृत्त्या जुळवल्या, तेव्हा मेलिएसच्या चित्रपटातला नरक चक्क थ्री-डीमध्ये दिसला! त्याला याची कल्पनाही नव्हती.

पण चोरी हे त्याच्या बुडण्याचं मूळ कारण नव्हे. ते कारण रुक्ष आहे, म्हणून सहसा कोणी सांगत बसत नाही.

मेलिएस चित्रपट विकायचा. अक्षरशः, कापडासारखा मीटरवर. विकत घेणारे बहुतेक जत्रेतले तंबूवाले. आपल्याकडे यात्रांमधून तंबूतले सिनेमे फिरायचे, तसंच समजा. एकदा प्रत घेतली की ती मालकाची, ती झिजून तुटेपर्यंत तो गावोगाव दाखवणार. गाव बदलत राहतं, म्हणून चित्रपट तोच चालतो. या व्यवहारात मेलिएससारखा माणूस तगतो: वर्षात थोडे, पण नामी चित्रपट करायचे आणि प्रती विकायच्या.

मग शहरांतून कायमची सिनेमागृहं उभी राहिली. तिथे प्रेक्षक तेच, मग चित्रपट बदलायला हवा, दर आठवड्याला. रोज नवा माल हवा असेल तर थिएटरवाला विकत कशाला घेईल? त्याला भाड्याने हवा. हे पाथे कंपनीने अचूक ओळखलं आणि 1907 मध्ये विक्री बंद करून भाड्याची पद्धत सुरू केली. भाड्याच्या पद्धतीत प्रत पुन्हा पुन्हा कमाई करते, पण पैसा हळूहळू येतो. तोवर तग धरायला भांडवल लागतं, कारखान्यासारखं उत्पादन लागतं. पाथेकडे दोन्ही होतं. मेलिएसकडे एक बाग, एक काचघर आणि स्वतःचे दोन हात.

1909 मध्ये पॅरिसला निर्मात्यांची परिषद भरली. अध्यक्ष होता मेलिएस. फिल्मच्या कडेच्या भोकांचं माप सगळ्यांनी एकच ठेवावं यासारखे चांगले निर्णय तिथे झाले. पण भाड्याची पद्धतही तिथेच मान्य झाली. ज्या बैठकीच्या अध्यक्षपदी तो बसला होता, तिथेच त्याच्यासारख्या एकट्या कारागिराचा धंदा मोडीत निघाला. दुसरीकडे एडिसनच्या कंपन्यांच्या गटात टिकायचं, तर दर आठवड्याला हजार फूट फिल्म द्यायची अट होती. सात खेपांत एक मिनिट काढणारा माणूस आठवड्याला हजार फूट कुठून आणणार?

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. दोष सगळा धंद्याचा नव्हता. दुसरे दिग्दर्शक कॅमेरा जवळ नेत होते, माणसाच्या चेहऱ्यावर रेंगाळत होते, दृश्यांची सांगड घालून गोष्ट सांगत होते. मेलिएसचा कॅमेरा अजून पहिल्या रांगेतच बसलेला होता. 1911 मध्ये त्याने पाथेकडून पैसे घेतले, घर आणि स्टुडिओ तारण ठेवून. 1912 चा उत्तर ध्रुवावरचा चित्रपट, त्यातला माणसं गिळणारा तो बर्फाचा अजस्र राक्षस, मला स्वतःला अतिशय आवडतो. पण त्या वर्षीच्या प्रेक्षकाला तो दहा वर्षं जुना वाटला, आणि त्याचं फारसं चुकलं असं म्हणता येत नाही.

1913 मध्ये बायको यूजेनी वारली. त्याच सुमारास पाथेशी असलेला करार संपला आणि चित्रपट करणंही संपलं. गास्तोंने अमेरिकेतून चित्रणासाठी दूरदूरच्या मोहिमा काढल्या, त्यांतही पैसा बुडाला. महायुद्ध आलं. लष्कराने ‘स्टार फिल्म’च्या चारशेहून जास्त प्रती ताब्यात घेऊन त्या वितळवल्या. त्यातून चांदी काढली आणि उरलेल्या सेल्युलॉइडच्या बुटांच्या टाचा केल्या. कर्जवसुलीला युद्धामुळे मिळालेली मुदत संपली, तसं 1923 मध्ये मोंत्रय हातचं गेलं. त्याच वर्षी रस्तारुंदीत रोबेर-उदँचं थिएटरही पाडलं गेलं. निगेटिव्हच्या पेट्या ठेवायला जागा उरली नाही. त्या मेलिएसने स्वतःच्या हाताने जाळल्या. आज त्याच्या पाचशेवर चित्रपटांपैकी दोनशेच्या आसपास उरलेत, तेही जगभर विखुरलेल्या विकल्या गेलेल्या आणि चोरलेल्या प्रतींमुळे.

खेळण्यांचं दुकान

1925 मध्ये मेलिएसने पुन्हा लग्न केलं, झान दाल्सीशी. होय, खुर्चीवरून नाहीशी झालेली तीच. मोंपार्नास स्टेशनवर तिचं खेळणी आणि मिठाईचं छोटं दुकान होतं. दोघं तिथे सकाळपासून रात्रीपर्यंत बसत, थंडीतसुद्धा. एका सिनेमासाप्ताहिकाचा संपादक लेओं द्रुओ याने त्याला तिथे ओळखलं आणि लोक विचारायला लागले, हा जिवंत आहे?

मग शोध सुरू झाला. ‘स्टुडिओ 28’ या पॅरिसमधल्या चित्रपटगृहाचा मालक मोक्लेर याला एका जुन्या वाड्याच्या दूधघरात मेलिएसच्या काही प्रती सापडल्या. 16 डिसेंबर 1929 रोजी ‘साल प्लेयेल’ या मोठ्या सभागृहात त्या दाखवल्या गेल्या. त्या रात्री एक छोटी पट्टी मुद्दाम तयार केली होती: मेलिएस पॅरिसमध्ये वाट चुकलेला फिरतो, भिंतीवर स्वतःचीच जाहिरात बघतो आणि तिच्यावर धाव घेतो. तेवढ्यात दिवे लागले, कागद टरकन फाटला आणि त्यातून अडुसष्ट वर्षांचा खराखुरा मेलिएस मंचावर आला. पडद्यावरचा माणूस कापून तिथे जिवंत माणूस जोडला होता.

1931 मध्ये त्याला फ्रान्सचा ‘लेजियों द’ओनर’ हा सन्मान मिळाला. तो द्यायला हजर होते लुई ल्युमिएर, ज्यांच्या घरच्यांनी छत्तीस वर्षांपूर्वी त्याला यंत्र नाकारलं होतं. पुढच्या वर्षी सिनेमावाल्यांच्या संस्थेने ओर्लीला निवृत्तांसाठी ठेवलेल्या घरात त्याला, झानला आणि नात मादलेनला जागा मिळाली. दुकान सुटलं.

तिथे विशीतली दोन पोरं त्याला भेटायला येत, आंरी लांग्लवा आणि जॉर्ज फ्रांजू. मूक सिनेमाच्या रिळांना तेव्हा कोणी विचारत नव्हतं. ही दोघं ती मिळेल तिथून जमवत होती, त्यातूनच पुढे ‘सिनेमातेक फ्रांसेज’ हा थोर संग्रह उभा राहिला. रिळं ठेवायला जागा हवी होती. 1936 मध्ये ओर्लीच्या त्याच आवारातली एक रिकामी इमारत त्यांनी घेतली आणि तिची किल्ली मेलिएसकडे दिली. 21 जानेवारी 1938 रोजी तो गेला, तोवर त्या रिळांचा पहिला राखणदार तोच होता.